पटकथाकाराला साहित्याच्या इतिहासात जागा का नाही?

आधुनिक मराठी रंगभूमीवरील इब्सेनचा प्रभाव शिकवताना आपण कोणती नावे घेतो? १९३३ साली मुंबईत ‘नाट्यमन्वंतर’ने सादर केलेले ‘आंधळ्यांची शाळा’ (मूळ नाटक ब्यर्नसनचे, वळण मात्र इब्सेनी), १९४१चे अनंत काणेकरांचे ‘घरकुल’ आणि त्यापाठोपाठ रांगणेकरांची ‘कुलवधू’. ही यादी विद्यार्थ्यांना मुखोद्गत असते. परंतु ‘घरकुल’च्या आदल्याच वर्षी, याच मुंबईत, इब्सेनच्या ‘घोस्ट्स’वरून ‘झूठी शर्म’ हा बोलपट तयार झाला आणि त्याचे लेखन विली हास यांनी केले, ही गोष्ट आमच्या पाहण्यातील एकाही टिपणवहीत नाही.

हास १८९१ साली प्रागमध्ये जन्मले आणि जर्मन भाषेत लिहिते झाले. मुर्नाऊच्या १९२२मधील ‘डेअर ब्रेनेंडे आकर’च्या पटकथालेखनात त्यांचा सहभाग होता. ग्रेटा गार्बोची भूमिका असलेल्या पाब्स्टच्या ‘जॉयलेस स्ट्रीट’ची (१९२५) पटकथा त्यांचीच. त्याच वर्षी त्यांनी बर्लिनमध्ये एक वाङ्मयीन साप्ताहिक सुरू केले. ज्यू असल्यामुळे नाझी राजवटीत त्यांना प्रथम बर्लिन आणि १९३९ साली प्राग सोडावे लागले. ते मुंबईत आले आणि मोहन भवनानींच्या संस्थेसाठी लिहू लागले. युद्धानंतर ते हाम्बुर्गला स्थायिक झाले. काफ्काची मिलेनाला लिहिलेली पत्रे १९५२ साली संपादित करून प्रसिद्ध करणारे हास ते हेच. काफ्काची ती पत्रे आपल्याकडे आवडीने वाचली जातात. त्यांचा संपादक काही वर्षे आपल्याच शहरात पटकथा लिहीत होता, याचे कुतूहल मात्र कोणाला नसते.

ही उपेक्षा केवळ परक्या लेखकाच्याच वाट्याला आली असे नाही. याच भवनानींनी १९३४ साली परळच्या अजंठा सिनेटोनसाठी प्रेमचंदांना बोलावून घेतले. प्रेमचंद दादरला राहिले आणि त्यांनी गिरणी कामगारांवरील ‘मजदूर’ लिहिला. सेन्सॉरने तो छळला. प्रेमचंदांच्या आयुष्यातील हा काळ मात्र ‘मुंबईतील अपयश’ या दोन शब्दांत गुंडाळला जातो. आणि मराठीचे काय? १९३७ साली व्हेनिसमध्ये गौरवल्या गेलेल्या ‘संत तुकाराम’चे श्रेय आपण दामले-फत्तेलालांना आणि पागनिसांना देतो, ते योग्यच आहे. त्याचे लेखक शिवराम वाशीकर मात्र वाङ्मयेतिहासाच्या उंबरठ्यावरच उभे राहतात.

यावर नेहमीचे दोन आक्षेप येतात. पहिला असा की, हिंदी बोलपट आणि परदेशी लेखक यांचा मराठीशी संबंध काय? संबंध आहे तो त्या काळच्या मुंबईशी. इब्सेन येथे नाटकवाल्यांनी रुजवला तसाच बोलपटवाल्यांनीही; या दोन प्रवाहांची तुलना मराठीच्या अभ्यासकाने करायची नाही तर कोणी? दुसरा आक्षेप असा की, पटकथा हा दिग्दर्शकाचा कच्चा माल आहे, ती स्वतंत्र संहिता नव्हे. मग नाटकाची संहिता तरी प्रयोगाखेरीज कशासाठी लिहिली जाते? ती छापली गेली म्हणून साहित्य झाली आणि पटकथा छापली गेली नाही म्हणून बाहेर राहिली, एवढाच काय तो फरक. छपाई हाच निकष मानायचा तर सांकेतिक लिपीत शतकानुशतके बंद राहिलेल्या महानुभावांच्या पोथ्याही आपण बाहेरच ठेवायला हव्या होत्या. त्या उलगडल्या गेल्या आणि मराठी गद्याचा इतिहास नव्याने लिहावा लागला.

आमचे म्हणणे साधे आहे. एम. ए.च्या अभ्यासक्रमात नाटकाशेजारी एक तरी पटकथा संहिता म्हणून नेमावी. गिरगाव, दादर, परळ येथील आमच्या विद्यार्थ्यांना जुन्या बोलपटांच्या गीतपुस्तिका, जाहिराती, परीक्षणे आणि हस्तलिखिते शोधण्याचे प्रकल्प द्यावेत. कागद कोणाची वाट पाहत नाही. वाळवी आणि रद्दीवाला आपल्या अभ्यास मंडळांपेक्षा पुष्कळच तत्पर असतात.