सानुग्रह

परवा मामांकडे माळा आवरताना ट्रंकेत १९९३ सालचा एक पिवळा पडलेला कागद सापडला. जानेवारीतल्या मुंबईच्या दंगलीत मामांचं शिवणकामाचं दुकान जळालं, त्याबद्दल मिळालेल्या मदतीचं पत्र. त्यात एक शब्द होता, 'सानुग्रह'. म्हणजे काय, तर सरकारने कृपा केली!

पंचनाम्यात चार मशिनी धरल्या होत्या. गिऱ्हाइकांचं लग्नसराईचं कापड मात्र धरलं नाही, कारण ते मामांच्या मालकीचं नव्हतं. त्याचे पैसे मामा पुढे सहा वर्षं फेडत होते. कोर्टात जायचं त्यांच्या मनात होतं, पण घरातल्या सगळ्यांनी त्यांना गप्प बसवलं. शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये म्हणे!

म्हण खोटी नाही. याच दंगलीतल्या पीडितांच्या भरपाईसाठी २००१ साली सर्वोच्च न्यायालयात याचिका झाली, तिचा निकाल लागला ४ नोव्हेंबर २०२२ ला. सुमारे ९०० मृत्यू आणि १६८ बेपत्ता, असा हिशेब त्यात आहे. बेपत्तांपैकी १०८ जणांची कुटुंबं भरपाईविना राहिली होती. कायदा-सुव्यवस्था राखण्यात राज्य कमी पडलं, म्हणून पीडितांना भरपाई मागण्याचा हक्क आहे, असं न्यायालयाने म्हटलं. या वारसांना २ लाख रुपये द्या, आणि तेही २२ जानेवारी १९९९ पासून ९ टक्के व्याजाने!

माझ्या मते त्या निकालातला सगळ्यात महत्त्वाचा शब्द 'व्याज' हाच. भिकाऱ्याला घातलेल्या पैशावर कुणी व्याज देत नाही. व्याज लागतं ते थकलेल्या देण्यावर. २ लाखांवर वर्षाला १८ हजार, म्हणजे निकालापर्यंत मुद्दलाच्या दुपटीहून जास्त. उशिराची किंमत निदान एकदा तरी सरकारच्या खात्यावर पडली.

आता आमचे एक काका नेहमी विचारतात, "दंगल काय सरकारने केली? मग आमच्या करातून भरपाई का?" काका, लाठी आणि बंदूक आपण सगळ्यांनी मिळून एकट्या सरकारच्या हातात दिली आहे. मामांना दुकानापुढे स्वतःचे पोलीस ठेवायची मुभा नव्हती. मग ते पोलीस कमी पडले तर त्याचा भुर्दंड सगळ्यांनी थोडाथोडा सोसायचा, की ज्याचं दुकान त्या गल्लीत होतं त्याने एकट्याने? इंग्लंडमध्ये १८८६ सालीच कायदा झाला होता की दंगलीत मालमत्तेचं नुकसान झालं तर भरपाई पोलिसांच्या निधीतून द्यायची. तिथे २०१६ साली त्याजागी नवा कायदा आला, पण पोलिसांची जबाबदारी कायम राहिली. आपल्याकडेही असाच साधा कायदा हवा. मुदत ठरलेली, उशिराला व्याज ठरलेलं, आणि 'सानुग्रह' हा शब्द त्यात कुठेही नको.

तोवर कोर्टाची पायरी चढावीच लागेल. शहाणे ती चढत नाहीत म्हणून सरकारचं फावतं.

असो. मामा काही हे वाचणार नाहीत. मामी, तू वाचतेस ना? त्यांना एवढंच सांग, तेव्हा त्यांचंच बरोबर होतं. चुकलो ते आम्ही.