पाटी बदलली, माणूस तोच

नोव्हेंबर आला की आम्हा पेन्शनरांना आपण जिवंत असल्याचं सिद्ध करावं लागतं. परवा ते काम उरकून धाकटा भाऊ आणि त्याचा जुना मित्र माझ्याकडे चहाला आले. दोघेही १९७४ साली डाक-तार खात्यात लागले. मित्र टपालात, भाऊ टेलिफोनात. १९८५ साली त्या खात्याची वाटणी झाली, दोघे वेगळे झाले, तरी सरकारीच राहिले.

मित्र चेष्टेने म्हणाला, "तुही पेन्शन कंपनीची गड्या, माही सरकारची." भाऊ एकदम उसळला. "कंपनीची कशी? माझीही सरकारचीच आहे!"

भावाचं बरोबर आहे. १ ऑक्टोबर २००० ला दूरसंचार खात्याचं काम भारत संचार निगमकडे गेलं. त्याआधी सप्टेंबरात कर्मचाऱ्यांनी संप केला होता, कारण धास्ती एकच होती, उद्या कंपनी बुडाली तर म्हातारपणी काय? तेव्हा केंद्राच्या पेन्शन नियमांत ३७-अ हा नियम घालण्यात आला. त्यानुसार खात्यातली आणि कंपनीतली नोकरी एकत्र धरायची आणि पेन्शन सरकारने द्यायची. त्यासाठीचा हप्ता कंपनी सरकारकडे भरत होती.

इथवर ठीक. पण पेन्शनचा हिशोब बांधला गेला कंपनीच्या वेतनश्रेणीशी. २००७ च्या वेतनसुधारणेचा फायदा निवृत्तांनाही झाला. पुढची सुधारणा १ जानेवारी २०१७ पासूनची. ती ज्या सरकारी कंपनीला परवडेल तिलाच. भारत संचार तोट्यात, म्हणून तिथे ती अडली, आणि पगार अडला म्हणून पेन्शनही अडली. इकडे टपालातल्या मित्राची पेन्शन सातव्या वेतन आयोगाने २०१६ पासून सुधारली. जानेवारी २०२० अखेर तर कंपनीतले सुमारे ७८ हजार लोक एकाच दिवशी स्वेच्छानिवृत्त झाले. त्यांतल्या बहुतेकांची सुरुवात सरकारी खात्यातच झालेली.

माझा प्रश्न साधा आहे, मास्तरी आहे म्हणा हवं तर. पैसे सरकार देतं, तर कंपनीच्या नफ्यातोट्याचा संबंध येतो कुठे?

मित्राने यावर बरोबर बोट ठेवलं. २००० नंतर भावाचा पगार त्याच्यापेक्षा जास्त झाला होता, तेव्हा कुणी कुरकुर केली नाही. खरंच नाही केली! भावाने त्या वेळी नवी स्कूटर घेऊन आम्हाला रामटेकला नेलं होतं. शिवाय कंपनीत जायचं की नाही हा पर्यायही दिला होता. हे मला मान्य आहे. पण जास्त पगार त्याने कामाच्या वर्षांत घेतला. साठीनंतर त्याच्या हातात कंपनीचा कारभार थोडाच होता?

मला आमचे वडील आठवतात. मध्यप्रांत-वऱ्हाडच्या सचिवालयात इथे नागपुरात कारकून. १९५० मध्ये त्या प्रांताचं मध्यप्रदेश झालं. १ नोव्हेंबर १९५६ ला राजधानीच गेली, बरोबरचे काही भोपाळला गेले, वडील मुंबई राज्याच्या वाट्याला आले, आणि १९६० मध्ये महाराष्ट्राच्या. अर्ज एकदाही केला नाही, सरकारं मात्र चार पाहिली. पण राज्य पुनर्रचना कायद्याच्या कलम ११५ मध्ये एक बंधन होतं. वर्ग झालेल्या माणसाच्या सेवाशर्ती केंद्राच्या पूर्वपरवानगीशिवाय त्याच्या नुकसानीत बदलायच्या नाहीत. त्याने सगळे सुखी झाले असं नाही, ज्येष्ठतेची भांडणं वर्षानुवर्षं चालली. तरी नवं राज्य श्रीमंत की गरीब यावर वडिलांची पेन्शन टांगलेली नव्हती. तेवढीच सोय २००० साली एका ओळीत करता आली असती. वेतन आयोग येईल तेव्हा या लोकांची पेन्शनही त्याच प्रमाणात वाढेल, एवढं लिहायचं होतं. अजूनही लिहिता येईल.

(जाता जाता, दूरसंचार पेन्शनच्या सरकारी संगणक प्रणालीचं नाव 'संपन्न' आहे. नाव ठेवणाऱ्याला विनोदबुद्धी असावी.)

चहा झाल्यावर भाऊ घरी जाऊन एक प्लॅस्टिकची पिशवी घेऊन आला. आत राष्ट्रपतींच्या नावाने निघालेला, त्याला कंपनीत सामावून घेतल्याचा आदेश. घड्यांवर कागद फाटायला आलाय. मित्राने चष्मा लावला आणि पहिल्या ओळीपासून वाचायला सुरुवात केली.