पडद्यावरचा इतिहास कोणी लिहिला?

१/ बखर हाती आली की आपला पहिला प्रश्न ठरलेला असतो : लेखक कोण, आणि त्याने हे कोणासाठी लिहिले? ऐतिहासिक चित्रपटापुढे मात्र ही चिकित्सक बुद्धी मुकी होते. दिग्दर्शकाचे नाव घेतले की विषय संपतो. या सवयीने झाकोळलेले एक नाव म्हणजे डच पटकथाकार खेरार्ड सूटेमान. #धागा

२/ पॉल व्हर्होव्हन 'रोबोकॉप'मुळे जगाला ठाऊक झाले. पण त्यांच्या कीर्तीचा पाया मायदेशातच घातला गेला होता : दूरचित्रवाणी मालिका 'फ्लोरिस' (१९६९), ऑस्कर नामांकन मिळवणारा 'टर्किश डिलाइट' (१९७३), 'सोल्जर ऑफ ऑरेंज' (१९७७). तिन्हींच्या लेखनात सूटेमान आहेत.

३/ 'सोल्जर ऑफ ऑरेंज' ही लायडनच्या विद्यार्थ्यांची कथा. जर्मन आक्रमणानंतर एक मित्र प्रतिकारात उतरतो, दुसरा एसएसचा गणवेश चढवतो, तिसरा ज्यू वाग्दत्तेला वाचवण्यासाठी शत्रूचा खबऱ्या होतो. सारे राष्ट्र एकमुखाने लढले, ही दंतकथा येथे टिकत नाही.

४/ ती टिकू नयेच. १९४० मध्ये नेदरलँड्समध्ये सुमारे १,४०,००० ज्यू होते. त्यांपैकी १ लाखाहून अधिक मारले गेले. पश्चिम युरोपात इतके मोठे प्रमाण अन्यत्र नाही. या संहाराला डच नोकरशाहीचा व पोलिसांचा हातभार लागला होता.

५/ "ही दृष्टी व्हर्होव्हन यांची," असे म्हणणाऱ्यांनी 'द असॉल्ट' (१९८६) पाहावा. दिग्दर्शक फॉन्स राडेमाकर्स, पटकथा सूटेमान. हार्लेममध्ये मारल्या गेलेल्या फितुराचे प्रेत शेजारी उचलून दुसऱ्याच्या दारात टाकतात. जर्मन त्या निरपराध कुटुंबाचा सूड घेतात. सर्वोत्कृष्ट परभाषिक चित्रपटाचे ऑस्कर याला मिळाले. याच जोडीने १९७६ मध्ये 'माक्स हाफलार'मधून जावातील वसाहती अन्याय मांडला होता.

६/ आक्षेप येईल : 'द असॉल्ट'ची कथा हॅरी मुलिश यांच्या कादंबरीची. मान्य. मग 'ब्लॅक बुक' (२००६) घ्या. तो कादंबरीवर बेतलेला नाही. सूटेमान आणि व्हर्होव्हन यांनी मिळून लिहिला. त्यात देश मुक्त झाल्यावर फितूर ठरवलेल्या ज्यू नायिकेवर विष्ठा ओतली जाते, आणि ओतणारे तिचेच देशबांधव असतात.

७/ व्हर्होव्हन यांचे श्रेय कोणी नाकारत नाही. परंतु दोन दशके हॉलीवूडमध्ये काढून मायभूमीच्या युद्धकाळाकडे वळताना त्यांना पुन्हा हाच लेखक लागला, हा पुरावा बोलका आहे.

८/ भूतकाळातले काय सांगायचे, काय गाळायचे आणि दोषी कोणाला धरायचे, याचा पहिला निवाडा कागदावर होतो. तो करणाऱ्याचे नाव न वाचता चित्रपटावर इतिहास म्हणून वाद घालणे म्हणजे लेखक न पाहता बखर प्रमाण मानणे. श्रेयनामावली सुरू झाली की निदान 'पटकथा' या शब्दापर्यंत तरी खुर्चीत बसून राहा.