जमीन राहिली, कसणारा गेला : निकालानंतरचे 90 दिवस



आज पिकाचं नाही, पण शेतकऱ्याच्या घराचंच लिहितोय. गळीत हंगामात रात्री उसाच्या ट्रॉल्या उभ्या, मागं रिफ्लेक्टर नाही. दुचाकीवाला आदळतो आणि घरचा कर्ता जातो. दावा होतो, काही वर्षांनी निकाल लागतो. रक्कम लाखात दिसली की घरचे म्हणतात, "माणूस थोडाच परत येणार? मिळालं ते घ्या." माझं म्हणणं एवढंच, घ्या, पण आधी हिशोब बघा.

हिशोब कोर्टाच्या मर्जीवर नाही. सुप्रीम कोर्टाने सरला वर्मा (2009) आणि प्रणय सेठी (2017) या निकालांत तो ठरवून दिलाय. समजा 38 वर्षांचा शेतकरी, मागं पाच जण अवलंबून. महिना उत्पन्न 12,000 धरलं, म्हणजे वर्षाला 1,44,000. चाळीशीच्या आतला, म्हणून पुढच्या वाढीचे 40 टक्के मिळवले, झाले 2,01,600. त्याचा स्वतःचा खर्च चौथा हिस्सा वजा, राहिले 1,51,200. वयाप्रमाणे गुणिले 15, म्हणजे 22,68,000. तेच उत्पन्न 6,000 धरलं तर 11,34,000. एका आकड्यात निम्मी रक्कम गेली!

आणि शेतकऱ्याचा मार इथंच बसतो. "जमीन तर वारसांकडेच आहे, मग नुकसान कसलं?" हा युक्तिवाद कंपनीचा वकील करतोच. अहो, जमीन काय आपोआप पिकते? रात्रीची लाईट आल्यावर पाणी कोण धरणार, धारा कोण काढणार? सुप्रीम कोर्टानेही 2003 साली हरियाणातल्या प्रकरणात सांगितलंय, जमीन राहते हे खरं, पण शेती बघायला माणूस लावावा लागतो, तेही धरलं पाहिजे.

उत्पन्न कमी धरलं असेल तर हायकोर्टात अपील करता येतं. मोटार वाहन कायदा, कलम 173. मुदत निकालाच्या तारखेपासून 90 दिवस. उशीर झाला तर सबळ कारण दाखवावं लागतं, म्हणून निकालाची नक्कल लगेच मागा. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूरवाल्यांना आता मुंबई गाठायची गरज नाही, ऑगस्ट 2025 पासून कोल्हापूरलाच सर्किट बेंच आहे.

कंपनी अपिलात गेली तरी घाबरू नका. स्टे देताना कोर्ट बहुतेक वेळा पैसे भरायला लावतं, त्यातला काही भाग काढायला अर्ज करता येतो. मात्र लोकअदालतीत तडजोडीवर सही केली की अपील संपलं. सहीआधी वरचा हिशोब मांडून बघा.

पण अपील उभं राहतं ते खालच्या कोर्टातल्या कागदांवर. सातबारा, कारखान्याची ऊसबिलं, दुधाच्या पावत्या, बाजार समितीच्या पट्ट्या, पीककर्जाचा उतारा आधीच द्या. आपण इन्कम टॅक्स भरत नाही, आपलं उत्पन्न या चिठ्ठ्याच सांगतात. त्या एका पिशवीत ठेवा, आणि पिशवी कुठं आहे हे घरच्या बाईमाणसांना माहीत असू द्या.