प्रतीक्षेतील नट

चित्रपटसृष्टीचे आकर्षण तरुण मनाला किती असते, हे वाचकांना सांगावयास नको. आपल्या परिचयातील एखाद्या कुटुंबाचा मुलगा नट होण्याच्या आशेने मुंबईस गेल्याचे आपण ऐकलेले असते. पुढे त्याचे नाव झाले तर ते सर्वांस कळते. परंतु मधल्या वर्षांत तो कसा राहिला, हे सहसा कोणी विचारीत नाही. त्या मधल्या वर्षांविषयीचा ‘स्विंगर्स’ हा १९९६ सालचा अमेरिकन बोलपट आज आपणांपुढे ठेवावयाचा आहे.

कथानक साधेच आहे. माइक हा विनोदी नट न्यूयॉर्क सोडून लॉस एंजेलिसला आला आहे. सहा वर्षांच्या सहवासानंतर प्रेयसीशी त्याची फारकत झाली असून, सहा महिने लोटले तरी तिचा दूरध्वनी येईल या आशेवर तो जगत आहे. ट्रेंट, रॉब वगैरे त्याचे मित्रही नटच, आणि तेही कामाच्या शोधात. दिवस उलटला की ही मंडळी ठाकठीक पोशाख करून मद्यगृहांतून व नृत्यगृहांतून हिंडतात आणि यशस्वी माणसाचा आव आणतात. पडद्यावर भूमिका मिळत नाही, म्हणून ती ते रस्त्यावर वठवितात! विनोदाचा उगम येथेच आहे. लास वेगासच्या जुगारगृहात श्रीमंताच्या थाटात बसलेल्या माइकचे तुटपुंजे पैसे पाहता पाहता संपतात. हॅम्लेट करून आलेला रॉब डिस्नेलँडमध्ये ‘गूफी’ या सोंगाच्या कामासाठी चाचणी देतो आणि तेथेही नाकारला जातो. नुकत्याच ओळख झालेल्या एका तरुणीच्या संदेशयंत्रावर माइक मध्यरात्री एकामागून एक संदेश ठेवीत सुटतो, तो प्रसंग पाहताना हसावे की डोळे झाकून घ्यावे, हेच कळेनासे होते.

या चित्रपटाची जन्मकथाही कथानकाइतकीच बोधप्रद आहे. माइकचे काम करणारा जॉन फॅव्हरो हा त्या वेळी स्वतःच धडपडणारा नट होता. आपल्या व मित्रांच्या अनुभवांवरून त्याने दोन आठवड्यांच्या आत पटकथा लिहिली. ट्रेंटच्या भूमिकेत व्हिन्स व्हॉन हा त्याचा खरोखरीचा मित्रच आहे. खर्च अवघा सुमारे २ लक्ष डॉलर्स. हॉलिवुडच्या हिशेबाने ही रक्कम अगदीच किरकोळ. दिग्दर्शक डग लायमन यांनी कॅमेराही स्वतःच हाताळला आणि शहरातील खऱ्याखुऱ्या मद्यगृहांत चित्रण केले. पुढे लायमन यांनी ‘द बोर्न आयडेंटिटी’ (२००२) आणि फॅव्हरो यांनी ‘आयर्न मॅन’ (२००८) हे मोठ्या खर्चाचे चित्रपट दिग्दर्शित केले. दार उघडण्याची वाट पाहत बसण्याऐवजी या तरुणांनी हाताशी होते तेवढ्या साहित्यात स्वतःचे लहानसे घर बांधले, असेच म्हटले पाहिजे.

तथापि, प्रत्येक धडपडीस असे फळ येते, असा समज वाचकांनी करून घेऊ नये. खुद्द चित्रपटही तसे सांगत नाही. अखेरपर्यंत माइकला मोठे काम मिळत नाही. त्याला मिळते ते एवढेच: एका सायंकाळी लोरेन नावाच्या तरुणीशी तो कसलाही आव न आणता बोलतो, तिच्यासमवेत नृत्य करतो, आणि जिच्या दूरध्वनीची इतके दिवस वाट पाहिली तिचा दूरध्वनी येतो, तेव्हा त्याचे मन मोकळे झालेले असते.

भाषा सैल असल्याने हा चित्रपट लहान मुलांसमवेत पाहण्याजोगा नाही. परंतु ज्यांच्या घरातील कोणी दूरच्या शहरी नशीब अजमावीत आहे, त्या वडीलधाऱ्यांनी तो अवश्य पाहावा. माइक खचून घरात बसून राहतो, तेव्हा त्याला सावरते ते कोणाचे व्याख्यान नव्हे. रॉब त्याच्याकडे येतो आणि जवळ बसून बोलतो, एवढेच. आपणही पुढच्या वेळी दूरध्वनी कराल, तेव्हा ‘काम मिळाले का?’ हा प्रश्न थोडा मागे ठेवा. ‘जेवलास का, सोबतीला कोण आहे?’ हे आधी विचारा. पहिल्या प्रश्नाचे उत्तर त्याच्या हाती नसते. दुसऱ्याचे तो खरे देऊ शकतो.