शांतता राखायची ती बाईनेच?

मैत्रिणींनो, ‘ही दिवाणी बाब आहे’ हे वाक्य मी चार महिन्यांत इतक्यांदा ऐकलंय, की ठाणे अंमलदाराने तोंड उघडायच्या आत आता मीच ते म्हणते.

जागा गावठाणातली, दीड गुंठा. नोंदणी झालेलं खरेदीखत माझ्या नावाचं, पैसे माझ्या शिवणकामाचे. नमुना आठवर माझं नाव, बांधकामाची परवानगी हातात. नवरा गेला तेव्हा दिरांना वाटलं, वहिनी माहेरी जाईल. मी गेले नाही. दोन खोल्यांचं जोतं घातलं. तर दीर आणि पुतणे आले, गवंड्याला हुसकावलं, जोत्याचे दगड उपटले. म्हणे, ‘आमच्या भावाची जागा!’

काम होईपर्यंत संरक्षण द्या, असा अर्ज घेऊन मी पोलीस ठाण्यात गेले. कागदांना हात न लावता साहेब म्हणाले, “घरातलं आहे, घरात मिटवा. नाहीतर कोर्टात जा.” अदखलपात्र नोंद करून मला वाटेला लावलं. आठवड्याने दिराने तोंडी तक्रार केली. त्या दिवशी हवालदार तासाभरात माझ्या दारात! ‘शांतताभंग होईल, काम बंद ठेवा’ अशी नोटीस माझ्याच हातात. तेव्हा कुठे गेली दिवाणी बाब?

जागा कोणाची हे पोलिसांनी ठरवू नये, हे मलाही मान्य आहे. पण मी मालकी ठरवून मागायला गेलेच नव्हते. दुसऱ्याच्या ताब्यातल्या जागेत धाक घालायला शिरणं हा दखलपात्र गुन्हा आहे. पूर्वी तो दंड संहितेत होता, १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहितेत आहे. असा गुन्हा घडू नये म्हणून मध्ये पडणं हे पोलिसांचं कर्तव्य नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १६८ मध्ये लिहिलंय. ते कर्तव्य दगड उपटणाऱ्याला रोखायचं, की दगड रचणारीला? दांडग्यापेक्षा दुबळ्याला थांबवणं सोपं, म्हणून तिलाच थांबवायचं आणि त्याला शांतता म्हणायचं!

१९५६ च्या वारसा कायद्याने हिंदू बाईला तिच्या मालमत्तेची पूर्ण मालकी दिली. १९९४ साली महाराष्ट्राने मुलींना वडिलोपार्जित मिळकतीत मुलाइतका हक्क दिला, देशाच्या अकरा वर्षं आधी. आपण त्याचा अभिमान बाळगतो. पण उताऱ्यावरचं नाव आणि जमिनीवरची भिंत यांच्यामध्ये पोलीस ठाणं उभं आहे. झोपड्या पाडायला गाड्या भरून बंदोबस्त मिळतो. एका बाईची भिंत उभी राहायला एक शिपाई मिळत नाही.

म्हणून सांगते, एकटीने जाऊ नका. चौघीजणी जा. अर्ज लेखी द्या, खरेदीखत आणि परवानगी जोडा, पोच घेतल्याशिवाय उठू नका. नकार असेल तर लेखी मागा. गुन्हा नोंदवला नाही तर कलम १७३ प्रमाणे पोलीस अधीक्षकांना टपालाने कळवा, तिथेही दाद लागली नाही तर दंडाधिकाऱ्यांकडे जा. मनाई हुकमाचा दावाही लावा, पण दावा चालू आहे म्हणून पोलिसांना हात झटकू देऊ नका.

माझा अर्ज आता अधीक्षकांकडे गेलाय. पडवीत ठेवलेली सिमेंटची बावीस पोती दमट हवेने दगड झाली. ती दिवाणी बाब नाही. ती माझी दोन वर्षांची शिलाई आहे.