बिलावर रोगाचंही नाव लिहा

पोळ्याच्या आसपास यवतमाळ जिल्ह्यातल्या कोणत्याही कृषी केंद्राच्या काउंटरपाशी थोडा वेळ उभं राहावं. शर्टाच्या खिशातून सोयाबीनचं, नाहीतर पऱ्हाटीचं एक पान निघतं. वावरातून इथवर येताना ते कोमेजलेलं असतं, मधोमध घडी पडलेली असते. "भाऊ, पाहा बरं, काय मारू याले?" पलीकडचा माणूस पान हातात घेतो, कधी घेतही नाही, आणि मागच्या मांडणीवरून तीन वस्तू काढतो. एक बुरशीनाशक, एक कीटकनाशक, एक टॉनिक. पंपाला किती टाकायचं ते सांगतो. रोग कोणता, हे कुणी विचारत नाही आणि कुणी सांगतही नाही.

यात दुकानदाराला खलनायक करून मोकळं होता येईल, पण ते खरं नाही. गावाजवळ तोच आहे, उधारीवर माल तोच देतो आणि रविवारीही दुकान उघडं ठेवतो. कृषी सहायकाकडे अनेक गावं, त्यात पोर्टलवरच्या नोंदी आणि पंचनामे. विद्यापीठ अकोल्याला. मधली रिकामी जागा ज्यानं भरली, त्याच्याकडे निदान गेलं. अडचण एवढीच की निदान करणाऱ्याचं पोट औषध विकण्यावर आहे.

ही अडचण किती महाग पडते, ते २०२३ मध्ये दिसलं. त्या वर्षीचा ऑगस्ट १९०१ पासूनच्या नोंदींतला देशातला सर्वांत कोरडा ऑगस्ट ठरला. सोयाबीन फुलोऱ्यात आणि शेंगेत असताना काळ्या जमिनीला भेगा पडल्या. सप्टेंबरात पाऊस परतला आणि यवतमाळ, चंद्रपूर, वर्धा, नागपूर या पट्ट्यात हिरवी वावरं बघता बघता पिवळी पडली. दाणा भरायच्या आत झाडं वाळली. सगळ्यांच्या तोंडी एकच नाव आलं, 'येलो मोझॅक'. दौरे झाले, पंचनाम्यांच्या मागण्या झाल्या, सगळं त्याच नावानं. शास्त्रज्ञ वावरात उतरले तेव्हा मोझॅकसोबत मूळकूज आणि खोडकूजही निघाली. शेंगकरपा आणि पानावरचा करपा तर ओल्या सप्टेंबरात सोयाबीनवर असतातच. रस्त्यावरून पाहणाऱ्याला हे सगळं सारखंच पिवळं दिसतं.

वावरात शिरलं की फरक कळतो. मोझॅकच्या पानावर पिवळे आणि हिरवे चट्टे एकमेकांत मिसळलेले असतात, पान कुजत नाही. हा विषाणू आहे, पांढरी माशी तो या झाडावरून त्या झाडावर नेते. झाडात शिरलेल्या विषाणूवर जगात कुठलंही बुरशीनाशक चालत नाही. सुरुवातीची रोगट झाडं उपटून नष्ट करायची, पिवळे चिकट सापळे लावायचे, माशी आवरायची, एवढंच हाती असतं. मूळकुजीचं झाड उभ्याउभ्या माना टाकतं, पानं गळत नाहीत, तशीच लटकत राहतात. ते उपटून मूळ चिरलं तर आत कोळशाची पूड सांडल्यासारखे बारीक काळे कण दिसतात. ही बुरशीच, पण मातीत वर्षानुवर्षं दबा धरून बसणारी आणि उष्ण, कोरड्या ताणात उसळणारी. पानावर मारलेलं औषध तिच्यापर्यंत पोचत नाही. तिसरा प्रकार खऱ्या अर्थानं पानाचा. दाट पेरलेल्या वावरात, सलग पावसानंतर, खालच्या पानांवर आधी पाणी मुरल्यासारखे डाग येतात, मग ती तपकिरी होऊन जाळ्यासारख्या धाग्यांनी एकमेकांना चिकटतात. फवारणीचा उपयोग होतो तो इथे, तोही डाग खालच्या पानांवर असतानाच. म्हणजे त्या सप्टेंबरात मोझॅकवर आणि मूळकुजीवर जेवढं बुरशीनाशक पडलं, ते मातीमोल गेलं.

कपाशीची गोष्ट याहून जुनी आहे. जिल्ह्यात साडेचार लाख हेक्टरांच्या पुढेमागे कपाशी असते. ऑक्टोबरात पानं लाल व्हायला लागली की 'लाल्या आला' म्हणून धावपळ सुरू होते. हलक्या जमिनीत बोंडांचा भार वाढला, नत्र आणि मॅग्नेशियम कमी पडलं, रात्री गार झाल्या की पान लाल होतं. कधी तुडतुड्यांनी रस शोषल्यानंही कडा लालसर होऊन मुरडतात. दोन्हींत बुरशीचा संबंध नाही. पहिल्यासाठी मॅग्नेशियम सल्फेट आणि युरिया किंवा डीएपीची फवारणी, तीही वेळेत. तरी बुरशीनाशकाची पुडी त्यात पडतेच. दहिया मात्र खरी बुरशी. थंडी आणि दव सुरू झालं की जुन्या, खालच्या पानांवर, बहुतेक पानाच्या खालच्या अंगाला, पांढरट भुकटीचे कोनेदार ठिपके दिसतात. ते पाहायला वाकावं लागतं आणि पान उलटावं लागतं. काउंटरवरून हे व्हायचं नाही.

बुरशी पसरते कशी, हे समजलं की फवारणीचा अर्धा मोह कमी होतो. करप्याचे बहुतेक प्रकार पावसाच्या थेंबाबरोबर उडतात. थेंब मातीवर, गेल्या वर्षीच्या काडीकचऱ्यावर आपटतो, बीजाणू घेऊन खालच्या पानावर चढतो. म्हणून हे रोग खालून वर जातात. पान सलग काही तास ओलं राहिलं तरच बीजाणूला अंकुर फुटतो. दाट पेरणी, साचलेलं पाणी, वाऱ्याला बंद झालेल्या ओळी या गोष्टी पानाला ओलं ठेवतात. मळणीनंतर बांधावर पडून राहिलेलं कुटार आणि मार्च-एप्रिलपर्यंत उभ्या पऱ्हाट्या पुढच्या हंगामाची सोय करतात. शेंगकरपा तर बियाण्यातूनच येतो. घरचं बियाणं वापरा, ही मोहीम चांगली आहे, पण उगवणक्षमता तपासून आणि बीजप्रक्रिया करून. कार्बोक्सिन-थायरम किलोला तीन ग्रॅम किंवा ट्रायकोडर्मा, यांचा एकरी खर्च एका फवारणीच्या कितीतरी खाली असतो. त्यावर कमिशनही फारसं नाही, आणि म्हणूनच त्याचा आग्रह कुणी धरत नाही, असं माझं मत आहे.

तांबेऱ्याची जात वेगळी. तो वाऱ्यावर शेकडो किलोमीटर जातो. १९४६-४७ मध्ये मध्य भारतात गव्हावर तांबेऱ्याची मोठी साथ आली होती. करमचंद मेहता यांनी दाखवून दिलं होतं की मैदानी उन्हाळ्यात हा रोग मरतो आणि डोंगराळ भागात जिवंत राहून तिथून परत येतो. पुढे एस. नागराजन यांनी नोव्हेंबरातल्या चक्रीवादळांबरोबर निलगिरीकडून मध्य भारताकडे येणारा त्याचा हवाई रस्ताही मांडला. सोयाबीनचा तांबेरा नव्वदच्या दशकापासून सांगली-कोल्हापूर आणि लगतच्या कर्नाटकात ठाण मांडून आहे. तिथे त्याला आवर बसला तो मुख्यतः वाणांमुळे. राहुरी विद्यापीठाच्या कसबे डिग्रज केंद्रानं फुले कल्याणी, फुले अग्रणी, फुले संगम, फुले किमया अशी वाणं दिली. विदर्भात मात्र १९९४ साली आलेल्या जेएस ३३५ची सवय सुटता सुटेना. नवी वाणं आली आहेत. अकोल्याचं सुवर्ण सोया, पीडीकेव्ही अंबा, परभणीचं एमएयूएस ६१२. पण जमिनीची खोली न पाहता लांब मुदतीचं वाण हलक्या वावरात टाकलं, तर रोगातून वाचलेलं पीक पाण्यावाचून जातं.

ब्राझीलमध्ये हा तांबेरा २००१ मध्ये पोचला. पाच वर्षांत तिथल्या राज्यांनी नियम केला की ठरावीक काळात शेतात सोयाबीनचं एकही जिवंत झाड दिसता कामा नये, आपोआप उगवलेलंसुद्धा. आता हा काळ किमान ९० दिवसांचा आहे. औषधांवरच विसंबलेल्यांना तिथे दुसरा धडाही मिळाला. एकाच गटाची बुरशीनाशकं वर्षानुवर्षं मारल्यानं बुरशी त्यांना दाद देईना. आपल्याकडे बियाण्याच्या टंचाईमुळे गेल्या काही वर्षांत उन्हाळी सोयाबीन वाढलं. बीजोत्पादनासाठी ते गरजेचं वाटतं, हे मान्य. पण एप्रिल-मेमध्ये हिरवं सोयाबीन म्हणजे पांढऱ्या माशीला आणि मोझॅकला उन्हाळा काढायला दिलेलं घर आहे. उन्हाळी सोयाबीन कोणत्या तालुक्यात घ्यायचं आणि कुठे अजिबात नाही, हे गावागावानं नव्हे, जिल्ह्यानं ठरवायला हवं.

 

आता फवारणीविषयी. बोर्डो मिश्रण आपल्या संत्रा बागायतदाराला ठाऊक आहे. मोरचूद आणि चुन्याचं हे मिश्रण फ्रान्समध्ये मिलार्देनं १८८५ साली जगापुढे मांडलं. द्राक्षं चोरणाऱ्यांना दूर ठेवायला रस्त्याकडेच्या वेलींवर ते शिंपडलेलं होतं आणि तेवढ्याच वेलींची पानं शाबूत राहिलेली त्यानं पाहिली. रोग पानात शिरण्याआधी पानावर थर हवा, ही त्यातली मूळ गोष्ट आजही बदललेली नाही. मॅन्कोझेब आणि ताम्रयुक्त औषधं असं कवच देतात. हेक्साकोनॅझोल, टेब्युकोनॅझोल, अ‍ॅझॉक्सीस्ट्रोबिन ही आंतरप्रवाही आहेत, थोडा शिरलेला रोग थांबवतात, पण जळालेलं पान हिरवं करत नाहीत. साध्या पंपानं एकरी दोनशे लिटर पाणी ही शिफारस. पॉवर पंप घेऊन झपझप चालणाऱ्या माणसाकडून शेंडे ओले होतात, खालची पानं कोरडीच राहतात. आता ड्रोन आले आहेत, एकरी दहा लिटर पाण्यात. कापसावरच्या किडीला ते चालेल कदाचित. दाट सोयाबीनच्या तळाशी लपलेल्या करप्यापर्यंत ते पोचतं का, हे मला दाखवून द्यावं.

आणि यवतमाळात फवारणीचा हिशेब फक्त पैशांत करता येत नाही. २०१७च्या खरिपात याच जिल्ह्यात विषबाधेनं वीसच्या आसपास शेतकरी-शेतमजूर गेले. शेकडो जण वसंतराव नाईक शासकीय वैद्यकीय महाविद्यालयाच्या रुग्णालयात दाखल झाले. ती कीटकनाशकं होती, बुरशीनाशकं नव्हेत, हे खरं. पण डोक्याएवढ्या वाढलेल्या पऱ्हाटीत एकाच ड्रममध्ये दोन-तीन औषधं कालवून फवारण्याची ती रीत अजून गेलेली नाही. बुरशीनाशक त्याच ड्रममध्ये पडतं, आणि ते टाकायचंच आहे तर सोबत कीटकनाशकही जातं. रोग नसताना काढलेली प्रत्येक फेरी कुणीतरी माणूस पाठीवर पंप घेऊन चालतो. सोयाबीनचा हमीभाव २०२४-२५ मध्ये ४,८९२ रुपये होता आणि बाजार त्याच्याही खाली होता. अशा वर्षी वाचलेली एक फवारणी म्हणजेच नफा.

व्यवस्था अगदीच नाही असं नाही. २००८ मध्ये विदर्भ-मराठवाड्यात पानं खाणाऱ्या अळीनं सोयाबीन फस्त केलं, त्यानंतर पुढच्याच वर्षी राज्यानं क्रॉपसॅप हा सर्वेक्षणाचा प्रकल्प सुरू केला. तो किडीच्या हिशेबानं उत्तम आहे. कामगंध सापळ्यात सलग तीन रात्री आठ-आठ पतंग आले की गुलाबी बोंडअळीवर उपाय करा, असा आकडा शेतकऱ्याच्या हातात येतो. बुरशीत डाग मोजत बसलात की उशीर झालेला असतो, तिथे पान किती तास ओलं होतं हे मोजायला हवं. नाशिकचा द्राक्षवाला केवड्यासाठी बागेत स्वतःचं हवामान यंत्र लावून हेच करतो. आपल्याकडे महसूल मंडळागणिक महावेधची स्वयंचलित केंद्रं उभी आहेत, पाऊस आणि आर्द्रता दोन्ही टिपतात. त्या आकड्यांवर विम्याचे वाद होतात. त्याच आकड्यांवरून 'तुमच्या मंडळात करप्याला पोषक दिवस सुरू झाले' असा संदेश मोबाइलवर यायला काय हरकत आहे?

पण तोवर एक गोष्ट लगेच होऊ शकते. कीटकनाशकाच्या बिलावर आज औषधाचं नाव आणि बॅच नंबर लिहावा लागतो. त्यात एक रकाना वाढवा. कोणत्या पिकावरच्या कोणत्या रोगासाठी हे दिलं? डब्याच्या आतल्या पत्रकावर पीक, रोग, मात्रा आणि पाणी हे सगळं छापलेलंच असतं, कारण देशात औषधाला मंजुरी पीक आणि रोग पाहूनच मिळते. बिलावर 'कपाशी, लाल्या' असं लिहून बुरशीनाशक दिलेलं असेल, तर दोन कागद शेजारी ठेवले की चूक कुणालाही दिसेल.

विक्रेते म्हणतील, आम्ही डॉक्टर नाही. पण कीटकनाशक नियमांतल्या २०१७च्या दुरुस्तीनंतर विक्रेत्याकडे पात्रता असणं बंधनकारक झालं. हैदराबादच्या मॅनेज संस्थेचा 'देसी' पदविका अभ्यासक्रम अनेकांनी केला आहे, त्यात रोगांची ओळख शिकवतात. काहीजण दुसरी गोष्ट सांगतील, आणि तीही खोटी नाही. शेतकरीच शेजाऱ्याचा डबा दाखवून 'हेच द्या' म्हणतो. मग त्या रकान्यात 'ग्राहकाच्या मागणीवरून' असं लिहावं. लाज वाटायचं कारण नाही. हंगाम संपल्यावर तालुका कृषी अधिकाऱ्यानं ही बिलं एकत्र काढली, तर पुसदला करपा किती, वणीला दहिया किती, हे कळेल. आणि राळेगावापासून उमरखेडपर्यंत रोगाच्या नावाशिवाय किती बुरशीनाशक विकलं गेलं, हेही पहिल्यांदा मोजता येईल.